पालट मशीन: मे ते दिवाळी वापरल्यानंतरचा अनुभव

घाई असेल त्यांच्यासाठी आधीच सांगते, पावसाळ्यात कपडे वाळवायला घेत असाल तर डोळे झाकून घ्या, बर्फासाठी घेत असाल तर घरात फ्रीज आहे ना, मग गप्प बसा. बाकीच्यांसाठी सविस्तर लिहिते कारण मी घेताना कुठे धड माहितीच नव्हती, जिकडेतिकडे नुसते बॉक्स उघडायचे व्हिडिओ.

वॉशिंग मशीनच्या निम्म्या उंचीचं आहे, आत स्टीलचा ड्रम, पुढे नॉब, त्यावर घन, द्रव, वायू. वस्तू आत टाकायची, नॉब फिरवायचा, वस्तू गरम किंवा गार न होता त्या अवस्थेत जाते. घन किंवा द्रव केलेलं बाहेर काढलं की थोडा वेळ तसंच राहतं आणि मग हळूहळू मूळपदावर येतं. वायू केलेलं मागच्या पाइपातून सरळ बाहेर. किंमत नव्या स्प्लिट एसीएवढी, त्यामुळे घरात आधी बरंच महाभारत झालं.

दुकानातला सेल्समन म्हणाला, मॅडम तापमान बदलतच नाही तर वीज कसली लागणार. लेक दहावीला आहे, तिने घरी येऊन विज्ञानाचं पुस्तक माझ्यासमोर आपटलं, अप्रकट उष्मा, वाच. एक ग्रॅम बर्फाचं पाणी व्हायला ८० कॅलरी आणि एक ग्रॅम पाण्याची वाफ व्हायला ५४०, आणि तेवढ्या वेळात थर्मामीटर हलतसुद्धा नाही. म्हणजे तापमान तेच राहणार हे खरं, पण ती उष्णता कुठूनतरी आणावी लागणार नाहीतर कुठेतरी टाकावी लागणार. मशीन हेच करतं. घनवर ठेवलं की मागच्या जाळीतून गरम हवा सुटते, मे महिन्यात गोरेगावच्या स्वयंपाकघरात ती हवा पायावर घेऊन पोळ्या लाटून बघा एकदा.

बर्फाची गंमत मात्र बघण्यासारखी आहे. काढलेला खडा हाताला चक्क कोमट लागतो, काचेच्या गोटीसारखा, पाहुणे म्हणतात हे काय दिलंत. पण पन्ह्यात टाकला की तो वितळताना स्वतःची उष्णता पन्ह्यातूनच ओढतो, बघता बघता ग्लासाला बाहेरून घाम फुटतो आणि पन्हं छान गार. खऱ्या बर्फापेक्षा थोडं कमीच गार होतं. भांडं मात्र काठोकाठ भरू नका, पाणी घन झालं की साधारण नऊ टक्के फुगतं, सासूबाईंच्या जुन्या पितळी डब्याचं बूड आता गोल झालंय, तो विषय आमच्याकडे काढायचा नाही.

द्रवचा नॉब मी जवळजवळ वापरतच नाही. खोबरेल २४-२५ डिग्रीच्या खाली गोठतं, मुंबईत अशा सकाळी थंडीतच येतात. आणि आल्या तरी बाटली गरम पाण्यात उभी केली की झालं. नारळाचं दूध घनवर ठेवायच्या भानगडीत पडू नका, आतलं पाणी वेगळं धरतं, स्निग्धांश वेगळा होतो, परत पातळ झालं की फुटल्यासारखं दिसतं, त्या सोलकढीला घरात कोणी हात लावला नाही. दिवाळीत जाऊबाईंचे बेसनाचे लाडू तूप जास्त होऊन बसले तेव्हा त्यांनी मोठ्या आशेने माझ्याकडे आणले, मशीनमधून एकदम गोल टणटणीत बाहेर आले, ताटात रचून फराळाला ठेवले आणि पाहुण्यांचा चहा होईपर्यंत सगळे परत मांडी घालून बसले.

आता कपडे. जुलैत आमच्याकडे जीन्स चार-चार दिवस दोरीवर लटकलेली असते, पंख्याखाली टाकली तरी तो कुबट वास जात नाही, शाळेचे मोजे इस्त्रीने वाळवायचे, सगळ्यांच्या घरी हेच. वायूवर लावलं की धागे जराही गरम न होता फक्त पाणी उडून जातं, जीन्सच्या कमरेची जाड शिवण आणि खिशाच्या आतला कोपरा, जे नेहमी शेवटपर्यंत ओले राहतात, तेसुद्धा कोरडेठाक. कॉटन आटत नाही, रंग विटत नाही, लोकरीचं स्वेटरही वाळवलं. बिल येतं, नाही असं नाही. एक लिटर पाणी उडवायला नुसत्या हिशेबानेच दोन तृतीयांश युनिट लागतं, मशीनचा स्वतःचा खर्च वेगळा, म्हणून आधी स्पिनमध्ये नीट पिळून घ्या, जेवढं पाणी तिथे निघेल तेवढे पैसे वाचले.

पाइप खिडकीबाहेर काढावाच लागतो, नाहीतर ते सगळं पाणी घराच्या भिंतींवर. आमचा बाहेर आहे तरी पावसाळी हवेत ती वाफ ग्रिलवरच जमून खाली ठिबकते, खालच्या मजल्यावरच्या काकू दोनदा विचारून गेल्या तुमचा एसी गळतोय का गं, मग सेक्रेटरींचं पत्र आलं, भिंतीला पोपडे येतायत म्हणून. शेवटी प्लंबरकडून पाइपाच्या तोंडाला बादलीची सोय करून घेतली. कंपनीने हे आधीच द्यायला काय हरकत होती?

ऑगस्टमध्ये मासेमारीची बंदी उठल्यावर सासूबाईंनी मला न विचारता ड्रममध्ये ओले बोंबील लावले. बोंबील झाले मात्र झकास, उन्हाशिवाय सुके, माशी नाही की वाळू नाही, त्या तर खूश. पण नंतर महिनाभर आमच्या साहेबांचे शर्ट ऑफिसात कोळीवाड्याचा परिमळ पसरवत होते. लिंबू, सोडा, सगळं झालं. आता जाळीचा वेगळा डबा मागवलाय तेव्हा दोन्ही चालतं. कापूर, डांबरगोळ्या, अत्तर आणि रॉकेल वायूवर टाकायला मनाई आहे, ती पाळा, पेट घेणारी वाफ आहे ती, समोर गॅस पेटलेला असतो.

सर्व्हिस बेताचीच. झाकणाचं रबर गणपतीच्या आसपास सैल झालं, तक्रार केल्यावर आज येतो उद्या येतो करत माणूस दसऱ्याला आला, आणि रबर वॉरंटीत येत नाही म्हणाला. शेवटी कुकरच्या रिंगा मिळतात त्या दुकानातून मापाचं कापून आणलं, निम्म्याहून कमी पैशात, अजून टिकलंय. आता त्यांचे वार्षिक देखभालीचे फोन सुरू झालेत, रबर धरून देत असाल तर बोला म्हटलं, तेव्हापासून फोन आला नाही.