पोल्ट्रीसाठी बर्ड फ्लू पीपीई किट: मास्क झकास, गॉगल बेकार, माहितीपत्रक अर्धवट

बर्ड फ्लूच्या बातम्या सुरू झाल्या की ऑनलाइन हे किट धडाधड दिसायला लागतात, कुणी बायोसिक्युरिटी किट म्हणतं कुणी पोल्ट्री सेफ्टी किट. माझ्याकडे कोंबड्या आहेत, थोडी बदकं पण आहेत, रोज शेडमध्ये जावंच लागतं म्हणून एक मागवलं आणि बरेच दिवस वापरून मग लिहितेय. ब्रँडचं नाव मुद्दाम देत नाहीये कारण बरेच विक्रेते जवळपास हेच सामान वेगळ्या पिशवीत भरून विकतात, त्यामुळे तुम्ही कुठलंही घ्या, बघायच्या गोष्टी याच राहतील. आत काय येतं तर टोपीसकट अंगभर कव्हरॉल, एन९५ मास्क, गॉगल, नायट्राइलचे ग्लोव्हज, बुटांवर चढवायची कव्हर्स, जंतुनाशक पावडरची पाकिटं, कचऱ्याच्या जाड पिशव्या आणि एक माहितीपत्रक.

आता हे सगळं कशासाठी ते आधी बघू, नाहीतर कुठली वस्तू चांगली न् कुठली वाईट हे ठरवणार कसं. आजारी पक्ष्याच्या लाळेत, नाकातल्या पाण्यात आणि विष्ठेत व्हायरस प्रचंड असतो. विष्ठा वाळते, आपण तूस खालीवर करतो किंवा कोंबडी धरताना ती पंख फडफडवते, धूळ उडते आणि ती आपल्या नाकातोंडात, डोळ्यात जाते. नाहीतर हाताला लागते आणि हात चेहऱ्याकडे जातोच. माणसाला लागण होते ती बहुतेक वेळा अशी, आजारी नाहीतर मेलेले पक्षी हाताळताना, आणि माणसाकडून माणसाला हा सहज पसरत नाही. चिकन-अंडी आतपर्यंत नीट शिजवली तर काळजी नाही, सगळा भाग ७० डिग्रीला पोचला की व्हायरस मरतो. म्हणजे खरा धोका ताटात नाही, शेडमध्ये काम करणाऱ्याला आहे. आणि तो धोका साधा नाही हो, २००३ पासून डब्ल्यूएचओकडे एच५एन१ या बर्ड फ्लूच्या प्रकाराच्या ९०० च्या वर माणसांच्या केसेस नोंदल्या गेल्यात आणि त्यातले जवळपास निम्मे दगावले. सौम्य आजार झालेले बरेचजण टेस्टपर्यंत पोचतच नाहीत त्यामुळे खरं प्रमाण एवढं नसणार, पण फुफ्फुसात उतरला तर काय करतो ते कळायला एवढं पुरे आहे.

मास्कला पूर्ण मार्क. कानात अडकवायच्या दोऱ्या नाहीयेत, डोक्यामागून जाणारे दोन पट्टे आहेत आणि मला नेमकं तेच हवं होतं, कारण कानाला अडकवायचे मास्क बऱ्याचदा सैल बसतात आणि हवा कडेने आत येते. नाकावरची पट्टी नीट दाबली जाते. घातल्यावर दोन्ही हात मास्कवर ठेवून जोरात श्वास सोडून बघा, कडेने हवा लागली तर परत बसवा. दाढीवर हा नीट बसत नाही, घरातल्या पुरुषांना हे सांगून ठेवा, त्यांना पटत नाही पण सांगा.

गॉगलवर मात्र मला खरंच राग आहे. दोन्ही बाजूंना सरळ आरपार भोकं आहेत, काच धुक्यासारखी होऊ नये म्हणून. सुतारकामाला ठीक असेल, लाकडाचा तुकडा उडाला तर अडेल, पण इथे बारीक धूळ अडवायचीय! तूस हलवून बाहेर आले, गॉगल काढला तर आतल्या बाजूला, पार पापणीच्या केसांवर राखाडी थर बसलेला. मग घातला कशाला? आणि डोळे म्हणजे काही दुय्यम गोष्ट नाहीये, उलट बर्ड फ्लूत तर डोळे आधी बघायला हवेत. पक्ष्यांचा व्हायरस पेशीला चिकटायला ज्या प्रकारचे रिसेप्टर (पेशीवरच्या चिकटायच्या जागा) शोधतो ते माणसाच्या नाका-घशात कमी असतात, फुफ्फुसात खोलवर असतात आणि डोळ्यांच्या आवरणात असतात. २००३ साली नेदरलँड्समध्ये पोल्ट्रीत एच७एन७ हा बर्ड फ्लूचा दुसरा प्रकार आला तेव्हा ८९ माणसांना लागण झाल्याचं सिद्ध झालं, त्यातल्या बहुतेकांचे डोळे आले होते आणि एक पशुवैद्य न्यूमोनिया होऊन दगावले. २०२४ मध्ये अमेरिकेत चक्क दुभत्या गायींना एच५एन१ झाला, गोठ्यात काम करणाऱ्यांना लागण झाली, तिथेही मुख्य लक्षण काय तर लाल डोळे. एवढं सगळं माहीत असताना किटमध्ये असा गॉगल टाकणं मला पटत नाही. मी आता बंद बाजूंचा गॉगल वेगळा घेतलाय. भोकं नसलेला किंवा हवेचा मार्ग आडवळणाने असलेला बघून घ्या, थोडी वाफ धरते, चालतं.

कव्हरॉल बरा आहे, उकडतं पण ते होणारच. बाहीला इलॅस्टिक आहे, अंगठा अडकवायला फट नाही, त्यामुळे वरच्या पिंजऱ्यातली कोंबडी काढायला हात वर केला की बाही सरकते आणि ग्लोव्हज आखूड असल्याने मनगटाची चांगली बोटभर पट्टी उघडी पडते. तिथे चिकटपट्टी लावते मी. लांब मनगटाचे ग्लोव्हज दिले असते तर प्रश्नच नव्हता.

बुटांची कव्हर्स पातळ आहेत, सिमेंटच्या खडबडीत कोब्यावर चाललं की तळाला फाटतात. इथे एक लक्षात घ्या, चप्पलबूट हा आपल्यापेक्षा पक्ष्यांसाठी जास्त महत्त्वाचा विषय आहे. थंडीत, ओल्या विष्ठेत हा व्हायरस आठवडेच्या आठवडे टिकतो आणि बुटाच्या तळव्याला चिकटलेली चिमूटभर घाण एका शेडमधून दुसऱ्या शेडमध्ये आजार घेऊन जाते. कोंबड्यांमध्ये याचा जहाल प्रकार आला तर दोन दिवसांत ९०-१०० टक्के मरतूक होऊ शकते. आदल्या दिवशी दाणा खाणारा पक्षी दुसऱ्या दिवशी तुरा निळाजांभळा होऊन पडलेला असतो, कुणाचं डोकं सुजतं, कुणाची मान वाकडी होते, अंडी एकदम कमी होतात किंवा मऊ कवचाची येतात. म्हणून ती कव्हर्स सोडा, शेडचे स्वतंत्र गमबूट ठेवा जे बाहेर जाणारच नाहीत.

पावडर चांगली आहे, पाण्यात घातली की गुलाबी होते, फुटबाथला, म्हणजे शेडच्या दाराशी बूट बुडवायच्या पाण्याला वापरते. पण पाकिटावर मोठ्या अक्षरात लिहिलंय की लगेच व्हायरस मारतं. तसं नसतं. तळव्याला विष्ठेचा गोळा तसाच ठेवून पाय बुडवला तर औषध त्या घाणीतच संपून जातं, आधी ब्रशने साबणपाण्यात घासायचं, मग बुडवायचं आणि लेबलवर दिलाय तेवढा वेळ ठेवायचं, पाणी गढूळ झालं की बदलायचं. थंडीत, घाणीत टिकत असला तरी साबण-औषधापुढे हा व्हायरस तसा नाजूक आहे, त्याचं आवरण चरबीचं असतं आणि साबणानेही फाटतं, म्हणजे अवघड काही नाही, फक्त घासायचा कंटाळा नको.

माहितीपत्रकात घालायचा क्रम चित्रांसकट दिलाय आणि काढायचा क्रम दिलेलाच नाही!! खरा धोका तर काढताना असतो, कारण तेव्हा बाहेरून सगळं माखलेलं असतं आणि आपण घाईत असतो. बूट स्वच्छ करा, मग ग्लोव्हज उलटे करत काढा, हात धुवा, कव्हरॉल बाहेरची बाजू आत गुंडाळत उतरवा, मग गॉगल मागच्या पट्ट्याने धरून, मास्क सगळ्यात शेवटी, आणि परत साबणाने हात. हे शेडच्या दाराशी मोठ्या अक्षरात लावून ठेवा. आणखी एक, आजारी पक्ष्यांशी संबंध आल्यावर पुढचे १० दिवस ताप, खोकला, डोळे लाल होणं, धाप याकडे लक्ष ठेवायचं आणि काही वाटलं तर डॉक्टरला पहिल्याच वाक्यात पक्ष्यांचं सांगायचं, कारण ओसेल्टामिवीर हे फ्लूचं औषध लवकर, शक्यतो ४८ तासांत सुरू केलं तर जास्त उपयोग होतो. ही ओळ छापायला जागा नव्हती का? मागच्या पानावर भलामोठा लोगो आहे. साध्या फ्लूची लसही घेऊन टाका, बर्ड फ्लू थांबवत नाही ती, पण एकाच माणसात दोन्ही फ्लू एकदम शिरून त्यांची सरमिसळ व्हायची शक्यता कमी करते.

मार्क द्यायचे तर ५ पैकी ३, आणि ते मास्क, पावडर आणि पिशव्यांसाठी. पोल्ट्रीत रोज काम असेल, मेलेले पक्षी उचलावे लागत असतील तर घ्या, गॉगल आणि लांब ग्लोव्हज वेगळे घ्या. पण एकदम बरेच पक्षी मेले तर किट घालून स्वतःच विल्हेवाट लावायला जाऊ नका, आधी पशुवैद्यकीय खात्याला कळवा, घशाचे आणि मागच्या बाजूचे स्वॅब घेऊन पीसीआर ही लॅबची टेस्ट झाल्याशिवाय काय आहे ते नुसतं बघून सांगता येत नाही. आणि बदकं ठणठणीत दिसतात म्हणून निर्धास्त राहू नका, ती आजारी न पडताही व्हायरस सोडत राहू शकतात, माझी आता कोंबड्यांपासून वेगळी आहेत.

ज्यांच्याकडे कोंबड्या नाहीत, फक्त मांजर आहे, त्यांना हे किट नको. मांजरांना मात्र हा आजार फार वाईट होतो, २०२३ मध्ये पोलंडमध्ये बरीच पाळीव मांजरं मेली आणि अमेरिकेतल्या त्या गोठ्यांवर कच्चं दूध प्यायलेली मांजरं पण. तेव्हा मांजराला कच्चं मांस आणि न तापवलेलं दूध देऊ नका, मेलेला पक्षी तोंडात धरून आणला तर उघड्या हाताने ओढून घेऊ नका, ग्लोव्हज घाला, मास्क लावा, दोन पिशव्यांत बांधा, हात धुवा. तेवढ्यासाठी साधे ग्लोव्हज आणि एक चांगला मास्क घरात असला की झालं.