पेनड्राइव्हवरून डिस्क इमेज उघडायची: सेव्हन-झिप, विनसीडीएमू की सीडीबर्नरएक्सपी?

जुन्या सीडींच्या इमेज फायली, म्हणजे अख्ख्या सीडीची एकाच फाइलीत किंवा फायलींच्या जोडीत साठवलेली हुबेहूब प्रत, आपण जपून ठेवतो आणि त्या उघडण्याची वेळ नेमकी दुसऱ्याच्या संगणकावर येते. अशा वेळी इन्स्टॉल न करता चालणारे कोणते सॉफ्टवेअर पेनड्राइव्हवर ठेवावे, हे ठरवताना सुविधांची यादी पाहण्याआधी समोरच्या संगणकावर आपल्याला अ‍ॅडमिनचे अधिकार मिळणार आहेत का, हे पाहावे, असे माझे मत आहे.

सेव्हन-झिपची पोर्टेबल (इन्स्टॉल न करता चालणारी) आवृत्ती आयएसओ फाइल, म्हणजे डिस्क इमेजचा सर्वांत प्रचलित प्रकार, एखाद्या झिपसारखी उघडते आणि आतल्या हव्या त्या फायली बाहेर काढून देते. तिला ड्रायव्हर (विंडोजला एखादे उपकरण ओळखायला लावणारा छोटा प्रोग्रॅम) लागत नाही, त्यामुळे ग्रंथालयातल्या बंदिस्त संगणकावरही ती सहसा अडत नाही. मात्र, आपली सीडी ड्राइव्हमध्येच शोधणारा एखादा जुना शब्दकोश असेल, तर फायली बाहेर काढूनही तो ‘सीडी घाला’ म्हणत अडून बसतो.

त्यावर उपाय म्हणजे विनसीडीएमू. ते संगणकात आभासी ड्राइव्ह तयार करते आणि इमेज जणू त्यात घातलेली सीडी असल्यासारखी दाखवते; यालाच इमेज ‘माउंट’ करणे म्हणतात. त्याची पोर्टेबल आवृत्ती एकाच ईएक्सई फाइलची असली, तरी तिला ड्रायव्हर चढवावा लागतो आणि त्यासाठी अ‍ॅडमिनची परवानगी लागतेच. एका कार्यालयात मी मोठ्या ऐटीत पेनड्राइव्ह लावला आणि पासवर्ड मागणाऱ्या चौकटीपुढे गप्प बसलो, कारण पासवर्ड ठाऊक असलेले गृहस्थ त्या दिवशी रजेवर होते. शिवाय २०१२ साली आलेल्या विंडोज ८ पासून आयएसओ फाइल नुसत्या डबल-क्लिकने माउंट होते. त्यामुळे विनसीडीएमूचा खरा उपयोग उरतो तो विंडोज ७ वर आणि क्यू, एनआरजी, एमडीएस अशा इमेज फायलींच्या इतर प्रकारांसाठी.

यांतला क्यू हा प्रकार समजून घेण्याजोगा आहे. आयएसओमध्ये प्रत्येक सेक्टरची (डिस्कवरच्या माहितीच्या छोट्या तुकड्याची) २०४८ बाइट माहिती असते, तर गाण्यांच्या सीडीचा सेक्टर २३५२ बाइटचा असतो. म्हणून गाण्यांचे ट्रॅक असलेली सीडी बिन आणि क्यू अशा जोडीने साठवतात. प्रत्यक्ष माहिती बिनमध्ये असते; क्यू ही साधी मजकुराची फाइल असून तिच्यात बिनचे नाव लिहिलेले असते. कुणी बिनचे नाव बदलले की जोडी तुटते आणि इमेज उघडत नाही. नोटपॅडमध्ये क्यू उघडून ते नाव दुरुस्त केले की काम होते.

सीडीबर्नरएक्सपीचे मुख्य काम डिस्क लिहिण्याचे. नव्या लॅपटॉपांना बहुधा सीडी ड्राइव्हच नसतो, त्यामुळे अनेकांना ते आता बिन किंवा एनआरजीचे आयएसओ करण्यापुरतेच लागेल. त्याला डॉटनेट फ्रेमवर्क हे मायक्रोसॉफ्टचे पूरक सॉफ्टवेअर संगणकावर असावे लागते, हेही ध्यानात घ्यावे. घरी ड्राइव्ह नसेल, तर मी ते घेणार नाही. सेव्हन-झिप मात्र प्रत्येकाने ठेवावे; स्वतःच्या किंवा दुरुस्तीला आलेल्या संगणकांवर काम करणाऱ्याने जोडीला विनसीडीएमू घ्यावे.

पेनड्राइव्ह फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला असेल, तर ४ जीबीहून मोठी फाइल त्यावर बसत नाही आणि पूर्ण भरलेल्या ४.७ जीबी डीव्हीडीची इमेज तिथेच अडते. तो एक्सफॅट या दुसऱ्या पद्धतीने फॉरमॅट केल्यास ही अडचण राहत नाही. इमेज पेनड्राइव्हवरूनच माउंट केली असेल, तर आधी आभासी ड्राइव्ह ‘इजेक्ट’ करून मगच पेनड्राइव्ह काढावा.