वसाहतीत ‘नर्मदा डायरी’ दाखवायची तर

तळोद्याकडच्या, सरदार सरोवर धरणाने उठवलेल्या लोकांच्या पुनर्वसन वसाहतींत आनंद पटवर्धनांचा एकच माहितीपट दाखवायचा असेल, तर ‘नर्मदा डायरी’ घ्या. १९९५ची, सिमंतिनी धुरू यांच्यासोबत केलेली. १९९३च्या पावसाळ्यात सरदार सरोवराचं पाणी शिरलं ते मणिबेली गाव अक्कलकुवा तालुक्यातलं. तेव्हा हा सगळा मुलूख धुळे जिल्ह्यात होता, नंदुरबार १९९८ला वेगळं झालं. बाहेरच्या प्रेक्षकाला फिल्ममध्ये जे धरणाविरुद्धचं आंदोलन दिसतं, ते इथल्या म्हातारीला आपलं गाव दिसतं. थांबवा, मागे घ्या, असं लोक म्हणणारच. फिल्म तासाभराची असली तरी दोन तास धरून चला.

अडचण सबटायटलची. इंग्रजी ओळी वसाहतीत कामाच्या नाहीत. भिलोरी किंवा पावरी या इथल्या आदिवासी बोली येणारा एकजण माइकवर हवा, आणि त्याने फिल्म आधी दोनदा पाहिलेली हवी. नाहीतर तो मुलाखतीच्या आवाजावरच बोलत बसतो.

चित्र ४:३ मापाचं आहे. प्रोजेक्टरवर १६:९ राहिलं तर चेहरे फाकतात, हे सेटिंग आधी बदला. पडदा ८ बाय ६ फूट पुरे. त्याहून मोठा केला की त्या काळचं चित्र विरतं. खालची कड जमिनीपासून चार-पाच फूट वर बांधा, पुढे बसलेल्यांची डोकी मध्ये येत नाहीत. तीन हजार ल्युमेनचा प्रोजेक्टर चालतो, पण उन्हाळ्यात पावणेआठच्या आधी सुरू करू नका. देवळाचा भोंगा लावू नका, त्यात बोलणं फाटतं. दोन बॉक्स स्पीकर घ्या, बास कमी ठेवा.

लाइट जाणार हे गृहीत धरा. १५० एएचची चांगली बॅटरी असेल तर चारशे वॅटचा लोड दोन-अडीच तास निघतो. इन्व्हर्टर यूपीएस मोडवर हवा; नसेल तर लाइट गेल्या क्षणी प्रोजेक्टर बंद पडतो, पंखा थांबतो आणि तापलेला दिवा खराब होतो.

पोलीस पाटलाला आधी सांगून ठेवा, सेन्सॉर प्रमाणपत्राची प्रत खिशात असू द्या. पटवर्धनांनी ही प्रमाणपत्रं फुकट मिळवलेली नाहीत. ‘वॉर अँड पीस’ला मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये एकही कट न लावता मोकळं केलं. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनवर यायला सर्वोच्च न्यायालयाचा २००६चा आदेश लागला.

भुसावळ किंवा धुळ्याच्या भीमनगरांसाठी मात्र ‘जय भीम कॉम्रेड’. १९८५च्या ‘हमारा शहर’मध्ये गाणाऱ्या शाहीर विलास घोगरेंनी मुंबईच्या रमाबाई नगर या दलित वस्तीत १९९७ला झालेल्या पोलीस गोळीबारानंतर आत्महत्या केली. तिथून कॅमेरा चौदा वर्षं चालत राहिला, फिल्म २०११ला आली. एवढा धीर दुसऱ्या कुणी धरल्याचं आठवत नाही. लांबी तीन तासांच्या घरात आहे, एका बैठकीत लोक उठतात. दोन रात्री करा. दुसऱ्या रात्री आधी घोगरेंचं गाणं पुन्हा लावा, उशिरा आलेल्यांनाही धागा सापडतो.