प्रेशर कुकरमधला भाज्यांचा रिसोटो : आठ महिन्यांच्या वापरानंतर

गेले आठ महिने साधारण पंधरवड्यातून एकदा मी आमच्या ५ लिटरच्या, जाड बुडाच्या स्टीलच्या कुकरमध्ये भाज्यांचा रिसोटो करतो आहे. कुकरमुळे ढवळत उभे राहणे वाचते, पण शिट्ट्या मोजण्याची सवय सोडावी लागते, एवढे आता खात्रीने लिहिता येईल.

मूळ पदार्थ उत्तर इटलीतला. पो नदीच्या खोऱ्यात पिकणारा आर्बोरियो किंवा कार्नारोली जातीचा जाड, आखूड दाण्याचा तांदूळ लोण्यात परतायचा आणि त्यावर भाज्यांचे गरम पाणी पळीपळीने घालत १८-२० मिनिटे ढवळत राहायचे, अशी ती पद्धत. दाण्यावरचे पिष्ट रसात उतरून रस साईसारखा दाट होतो, गाभा मात्र दाताला जाणवेल इतका घट्ट राहतो. आपल्याकडे भातात कणी राहिली की करणाऱ्याला बोलणी बसतात. रिसोटोत पुसटशी कणीच हवी असते, आणि हे घरच्यांना पटवण्यात माझा पहिला महिना गेला.

चौघांसाठी मी ३०० ग्रॅम आर्बोरियो घेतो आणि तो धूत नाही, कारण धुतल्यास हवे असलेले पिष्टच मोरीत जाते. (आईला हे अजूनही बघवत नाही.) कुकरमध्येच कांदा मऊ करून तांदूळ दोन-तीन मिनिटे परततो, त्यात गाजर आणि फरसबी घालतो, मग ७५० मिलिलिटर उकळते पाणी ओतून तळ उलथन्याने नीट खरवडतो. हे खरवडणे दोनदा राहिले आणि दोन्ही वेळा भात बुडाला लागला. उघड्या भांड्यात याहून बरेच अधिक पाणी लागते, कारण तिथे वाफ उडून जाते. कुकरमध्ये ती कोंडलेली राहते, म्हणून पहिल्या प्रयत्नात लिटरभर पाणी घातल्यावर जे तयार झाले ते आजाऱ्याला द्यायच्या गुरगुट्या भातापेक्षा फार वेगळे नव्हते.

खरा प्रश्न वेळेचा आहे. कुकरच्या आत तापमान १२० अंश सेल्सिअसच्या आसपास जाते, त्यामुळे एका मिनिटाचाही फरक दाण्यात दिसतो, आणि शिट्टी तर आच, भांड्यातला ऐवज आणि रबराची अवस्था यांप्रमाणे लवकर-उशिरा होते. म्हणून पहिली शिट्टी होताच आच अगदी मंद करून मी घड्याळ लावून ५ मिनिटे मोजतो आणि कुकर लगेच सिंकमध्ये ठेवून झाकणाच्या कडेवर गार पाणी सोडतो. वाफ आपोआप जिरू दिली तर तेवढ्या वेळात भात शिजतच राहतो. उलट शिट्टी उचलून वाफ काढू गेलो तर पिष्टाचा फेस फसफसून ओट्यावर उडतो. याच फेसामुळे कुकर निम्म्याहून अधिक भरू नये आणि नंतर वाफेची नळी सुई घालून साफ करावी.

मटार आणि पालक मी झाकण उघडल्यानंतरच घालतो, नाहीतर त्यांचा रंग शेवाळी होतो. लाल भोपळा मात्र सुरुवातीलाच घालावा, कारण तो विरघळला तरी रसाला गोडसर दाटपणाच येतो. उत्तर इटलीतल्या मांतोव्हाकडे भोपळ्याचा रिसोटो मुळातच प्रसिद्ध आहे. शेवटी गॅस बंद करून लोणी व किसलेले चीज घालून मिनिटभर जोरात घोटावे, कारण कुकरने वाचवलेल्या ढवळण्यापैकी एवढा भाग टाळता येत नाही. शाकाहारी मंडळींनी लक्षात घ्यावे की अस्सल पार्मिजानो हे इटालियन कडक चीज वासराच्या जठरातल्या रेनेटने, म्हणजे दूध घट्ट करणाऱ्या द्रव्याने, विरजलेले असते. आम्ही वेष्टनावर हिरवा ठिपका असलेले कडक चीज वापरतो आणि मूळ कृतीतल्या वाइनऐवजी शेवटी थोडे लिंबू पिळतो.

आर्बोरियो महाग पडतो म्हणून तीनदा इंद्रायणी वापरून पाहिला. सुवास उत्तम, चिकटपणाही पुरेसा, पण गाभा टिकत नाही. ४ मिनिटांतही तो मऊसूत भात होतो, जो तूप-मेतकुटाबरोबर अधिक शोभला असता.

गार झालेला रिसोटो पुन्हा गरम केला की लगदा होतो. त्यापेक्षा मिलानमध्ये करतात तसा उरलेला भात लोणी सोडलेल्या तव्यावर पातळ थापून दोन्ही बाजूंनी खरपूस भाजावा. आमच्याकडे हल्ली त्यासाठी मुद्दाम मूठभर तांदूळ जास्त पडतो.