संमतीपत्रावर सही करण्याआधी हे वाचा

गिरगावातली आमची चाळ १९४० च्या आधीची, उपकरप्राप्त, म्हणजे दुरुस्ती उपकर भरणारी. खोली १६० चौरस फुटांची, संडास मजल्याच्या टोकाला. तीन वर्षांपूर्वी गणपतीत आरती झाल्यावर बिल्डरचा माणूस चाळीच्या पुनर्विकासाबद्दल मंडपातच बोलायला उभा राहिला. "प्रत्येकाला ४२५ चौरस फूट कार्पेट, वर कॉर्पस." कार्पेट म्हणजे भिंतींच्या आतली वापराची जागा, कॉर्पस म्हणजे एकरकमी निधी. बाप्पासमोर कुणी खोटं बोलेल असं आमच्या मनातही आलं नाही.

संमतीपत्र रात्री दहाला घरोघर फिरलं. "५१ टक्के लोकांच्या सह्या झाल्यात, आता तुमच्यामुळे काम अडलंय," असं प्रत्येक दारात सांगितलं गेलं. आईने चष्मा न लावताच सही केली, मी वरवर चाळलं. त्यात ४२५ चा आकडाच नव्हता. होतं ते एवढंच: "नियमानुसार देय क्षेत्रफळ". अशा जुन्या इमारतींच्या पुनर्विकासासाठी विकास नियमावलीत ३३(७) हा नियम आहे; त्याखाली निवासी भाडेकरूला किमान ३०० चौरस फूट कार्पेट मिळतं, तोच तो नियम. वरचे १२५ नुसते तोंडी होते.

मूळ भाडेपावत्या "म्हाडात दाखवायच्यात" म्हणून नेल्या, त्या परत आल्या नाहीत. नव्या जागेचा स्वतंत्र करार खोली रिकामी केल्यावर आठवड्यात होणार होता. तोवरच्या घरभाड्याचे अकरा मासिक चेक बिल्डरने आगाऊ दिले, सगळे वठले, म्हणून आम्ही गप्प राहिलो. बारावा आलाच नाही. चाळ तोवर पाडून झाली होती.

आता आम्ही नालासोपाऱ्यात, शेजारच्या काकू डोंबिवलीला, समोरचे काका बदलापूरला. रात्री ताप चढला तर ज्यांचं दार ठोठवायचो, ती माणसं दोन-दोन तासांवर गेली. पांगलेल्या लोकांची बैठक भरत नाही, आणि बिल्डरला नेमकं तेच सोयीचं असतं.

कळकळीने सांगतो, पर्यायी जागेचा करार तुमच्या नावाने दुय्यम निबंधकाकडे नोंदवल्याशिवाय चावी देऊ नका. त्यात कार्पेटचा आकडा, ताब्याची तारीख आणि भाडं थकलं तर काय, हे लिहून घ्या. म्हाडाच्या दुरुस्ती मंडळाचं ना-हरकत प्रमाणपत्र स्वतः वाचा. मूळ पावती कुणाच्याही हातात देऊ नका, झेरॉक्स द्या.

आमची एकच मूळ पावती उरली आहे, १९९८ ची. पिठाच्या डब्याखाली अंथरलेल्या कागदांत आईला सापडली. वकिलाकडे आम्ही तीच घेऊन जातो.