राजाबाई टॉवर आणि ग्रंथालय: बघायला जाताना दुर्बीण न्या

ओव्हल मैदानावरून फोटो काढून परत फिरणाऱ्यांसाठी राजाबाई टॉवर म्हणजे २८० फुटांचं घड्याळ. मुंबई विद्यापीठाच्या फोर्ट आवारातली ही इमारत त्याहून बरंच काही दाखवते, पण त्यासाठी दगडाजवळ जावं लागतं.

आराखडा सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांचा. ते मुंबईत कधी आलेच नाहीत, लंडनहून नकाशे पाठवले. पायाभरणी १ मार्च १८६९ ची, काम संपलं १८७८ मध्ये. मुंबईचे व्यापारी प्रेमचंद रायचंद यांनी ग्रंथालयासाठी दोन लाख आणि टॉवरसाठी आणखी दोन लाख रुपये दिले, टॉवरला आईचं नाव द्यावं या अटीवर. अंध आईला सूर्यास्तापूर्वी जेवायची वेळ कळावी म्हणून टॉवर बांधला, ही गोष्ट गोड आहे. ऐकावी आणि सोडून द्यावी.

नकाशा परदेशी असला तरी खालचा कमानींचा व्हरांडा इथल्या हवेला साजेसा आहे. पाऊस आणि ऊन थेट आतल्या भिंतीवर येत नाही. दगड दोन प्रकारचे वापरलेत. भिंतींना कुर्ल्याचा पिवळसर, टणक दगड, नक्षीला पोरबंदरचा मऊ चुनखडी दगड. पोरबंदरी दगड पाथरवटाला सोपा, पण छिद्राळ. समुद्राच्या हवेतलं मीठ पाण्याबरोबर आत शिरतं, सुकताना त्याचे स्फटिक फुगतात आणि फुलापानांच्या कडा भुकटी होऊन गळतात. अशा दगडाच्या दर्जा, म्हणजे दगडांमधले सांधे, सिमेंटने भरल्या की नुकसान दुप्पट: ओल सांध्यातून बाहेर पडू शकत नाही, दगडाच्या तोंडातून निघते आणि पापुद्रे सुटतात. दर्जा भरायला चुनाच हवा. झिजायचं ते सांध्याने झिजावं, दगडाने नव्हे.

टॉवरवरची माणसांची शिल्पं पश्चिम भारतातल्या वेगवेगळ्या जातीजमातींची आहेत, रावबहादूर मुकुंद रामचंद्र यांनी घडवलेली. पगड्या आणि नेसण वेगळी ओळखायची तर दुर्बीण हवीच.

ग्रंथालयाच्या रंगीत काचांना पैकीच्या पैकी गुण. अशा तावदानात काचेचे तुकडे शिशाच्या खाचेदार पट्ट्यांत बसवलेले असतात. शिसं मऊ असल्यामुळे ते उन्हाने आणि स्वतःच्या वजनाने खाली बसतं, फटी भरणारी लांबी (पुटी) तडकते, तावदान पोट काढतं आणि पावसाळी वाऱ्यात काचा खुळखुळतात. नुसती लांबी थापून हे सुधारत नाही. तावदान उतरवायचं, कागदावर ठसा घेऊन प्रत्येक तुकड्याला नंबर द्यायचा, नव्या शिशात बसवून सांध्यांना डाख (सोल्डर) द्यायचा, मग लांबी भरायची. २०१३ ते २०१५ मध्ये वास्तुविशारद ब्रिंदा सोमाया यांच्या देखरेखीखाली, टीसीएसच्या अर्थसाहाय्याने इमारतीचं जतनकाम झालं. त्यात या काचाही होत्या. पोट सुटलंय का, हे बघायचं तर तावदानाकडे समोरून नाही, बाजूने तिरकं बघा.

उणी बाजू? टॉवरवर चढता येत नाही. एके काळी घड्याळ सोळा धून वाजवायचं, आता दर पंधरा मिनिटांनी एकच. ग्रंथालय आतून बघायचं असेल तर परवानगीचं आधी विचारून घ्या. दर्शनी बाजू पश्चिमेला आहे, त्यामुळे सकाळी ती सावलीत असते. चारनंतर जा: ऊन तिरपं पडतं, आणि झिजलेली नक्षी कोणती, शाबूत कोणती हे सावल्यांवरून लगेच कळतं.