एनएचएलचं ‘होम’ कॅलेंडर: ठाण्यात अख्खा सीझन वापरल्यावर

एनएचएल म्हणजे अमेरिका-कॅनडातली आइस हॉकीची लीग, आणि ‘होम’ कॅलेंडर म्हणजे तिच्या एखाद्या संघाच्या फक्त घरच्या सामन्यांचं, फोनमध्ये घ्यायचं वेळापत्रक. वापर: ७ ऑक्टोबर २०२५ ते १६ एप्रिल २०२६, म्हणजे पूर्ण साखळी. फोनवर चार संघांची कॅलेंडरं होती: टोरंटो, बोस्टन, शिकागो आणि लॉस एंजेलिस. टाइमझोनने दोन ईस्टर्न, एक सेंट्रल, एक पॅसिफिक. तिथल्या घड्याळांचा इथल्या झोपेशी कसा मेळ बसतो ते कळावं म्हणून ती अशी निवडली.

निकाल आधीच सांगतो. वस्तू फुकट आहे आणि चांगली आहे. पण फाइल डाउनलोड करून कॅलेंडरमध्ये टाकलीत तर फसाल. आणि ठाण्यातून पाहायचं असेल तर संघ निवडताना आधी त्याचं घरचं मैदान कुठल्या टाइमझोनमध्ये आहे ते बघा, गोलकीपर कोण आहे ते नंतर.

आधी २०२५-२६ चा हिशेब. ३२ संघ (दोन कॉन्फरन्स, म्हणजे मोठे गट, आणि प्रत्येकीत आठ-आठ संघांच्या दोन डिव्हिजन), प्रत्येकी ८२ सामने, त्यातले ४१ घरी. आपल्या डिव्हिजनमधल्या सात संघांशी २६ सामने (पाच जणांशी चार-चार, दोघांशी तीन-तीन), त्याच कॉन्फरन्सच्या दुसऱ्या डिव्हिजनमधल्या आठ संघांशी तीन-तीन म्हणजे २४, आणि पलीकडच्या कॉन्फरन्समधल्या १६ संघांशी एक घरी, एक बाहेर असे ३२. म्हणून कुठल्याही एका संघाचं होम कॅलेंडर घेतलं तरी बाकीचे ३१ संघ सीझनमध्ये किमान एकदा त्यात दिसतात. पहिल्यांदाच बघणाऱ्याने एकच संघ धरावा असं म्हणतो ते याचसाठी.

कॅलेंडरमधली नोंद वाचताना पहिली ठेच इथे लागते: तिकडे पाहुण्यांचं नाव आधी आणि यजमानांचं नंतर लिहितात. ‘मॉन्ट्रियल @ टोरंटो’ म्हणजे सामना टोरंटोत. आपल्याला फुटबॉलमुळे यजमान आधी वाचायची सवय, त्यामुळे पहिले पंधरा दिवस उलटंच वाचलं जातं. पडद्यावर खात्री करायची तर जर्सी बघा. २००३-०४ पासून साधारणपणे गडद रंगवाले यजमान आणि पांढरेवाले पाहुणे.

दुसरी ठेच तारखेची. टोरंटोचा घरचा पहिला सामना तिकडे बुधवारी, ८ ऑक्टोबरच्या संध्याकाळी. आपल्याकडे तेव्हा गुरुवार उजाडायला आलेला. बातमीतली तारीख आणि फोनमधली तारीख जुळली नाही की घाबरू नका, फोन बरोबर आहे. संध्याकाळच्या सामन्यांना इकडे सरसकट एक दिवस पुढे धरा.

आता वेळा, कारण सगळं घोडं इथेच अडतं. ईस्टर्नमध्ये संध्याकाळी ७ म्हणजे आपल्याकडे ऑक्टोबरात पहाटे साडेचार आणि हिवाळ्यात साडेपाच. सेंट्रलचे ७ म्हणजे साडेपाच किंवा साडेसहा. पॅसिफिकचे ७ म्हणजे सकाळचे साडेसात किंवा साडेआठ. ऐरोली-महापेला अमेरिकन शिफ्ट करणाऱ्यांना हे सांगावं लागत नाही, नोव्हेंबरात त्यांच्या कॅबची वेळच एका तासाने सरकते. बाकीच्यांसाठी नेमकं सांगायचं तर सोमवार ३ नोव्हेंबरच्या पहाटेपासून सामने एक तास उशिरा आले आणि सोमवार ९ मार्चपासून पुन्हा तासभर अलीकडे सरकले. कॅलेंडर हा बदल आपणहून करतं, घड्याळात हाताने लावलेला गजर करत नाही. नोव्हेंबरात त्याने काही बिघडत नाही, फार तर तासभर जांभया देत बसाल. मार्चमध्ये मात्र साडेपाचचा जुना गजर वाजतो तेव्हा दुसरा पीरियड सुरू होत असतो.

वीस-वीस मिनिटांचे तीन पीरियड आणि मधली १८ मिनिटांची दोन मध्यंतरं धरून सामना अडीच तासांचा. नोव्हेंबर ते मार्चचा पहिला आठवडा या काळात टोरंटो-बोस्टनचे घरचे सामने साडेपाचला सुरू होऊन आठपर्यंत आटपतात. आंघोळ-डबा उरकून लोकल पकडता येते. शिकागोचे घरचे सामने बऱ्याचदा साडेसातला असतात, म्हणजे हिवाळ्यात आपले सात, संपायला साडेनऊ. लॉस एंजेलिस नोकरदाराच्या कामाचं नाही, निवृत्त मंडळींना उत्तम. पत्रकावरच्या वेळेला पक (हॉकीची रबरी चकती) पडत नाही, सात-आठ मिनिटं जातातच. तेवढी झोप हक्काची.

खरी मेजवानी दुपारच्या सामन्यांची. ईस्टर्नमध्ये दुपारी १ म्हणजे हिवाळ्यात आपल्याकडे रात्री साडेअकरा, तोही त्याच तारखेला. शनिवार-रविवारी असे सामने पडतात, आणि थँक्सगिव्हिंग या नोव्हेंबरअखेरच्या अमेरिकन सणानंतरच्या शुक्रवारी बोस्टनला घरी दुपारी खेळायची जुनी प्रथा आहे. बोस्टनचं कॅलेंडर घ्यावं ते एवढ्यासाठी.

तारखा अशा वेड्यावाकड्या का पडतात, याचं उत्तर ठाण्यातल्या माणसाला पटकन कळेल. गडकरी रंगायतनच्या तारखा आठवा. शनिवार-रविवार सगळ्यांनाच हवा, नाटक एकट्याचं नाही, तारीख मिळाली तर प्रयोग, नाही तर दौरा. टोरंटोच्या स्कोशियाबँक अरीनात हॉकीच्या मेपल लीफ्सबरोबर बास्केटबॉलचे रॅप्टर्स, तसेच बोस्टनच्या टीडी गार्डनमध्ये सेल्टिक्स, शिकागोच्या युनायटेड सेंटरमध्ये बुल्स, लॉस एंजेलिसला लेकर्स. वर गाण्यांचे कार्यक्रम. संघ आपल्या सभागृहाच्या मोकळ्या तारखा लीगला कळवतो, आणि ३२ संघांच्या तारखा जुळवून लीग १३१२ सामने बसवते. ग्रॅमी सोहळ्याच्या तयारीसाठी लॉस एंजेलिसची जागा अडकते, तेव्हा तिथला हॉकी संघ, किंग्ज, सहसा लांबच्या दौऱ्यावर निघतो. या संघाच्या होम कॅलेंडरमध्ये जानेवारीअखेर भगदाड दिसलं तर फोन बिघडला असं समजू नका. २०१० च्या ऑलिंपिकसाठी व्हँकुव्हरच्या संघाने घर सोडलं ते सलग १४ सामने बाहेर खेळला. आणि २०२१ साली न्यूयॉर्क आयलंडर्सचं नवं अरीना वेळेत तयार नव्हतं, म्हणून त्यांनी सीझनचे पहिले १३ सामने परक्या बर्फावर काढले.

त्याच जागी आज हॉकी, उद्या बास्केटबॉल हे कसं जमतं? बर्फ काढतच नाहीत. साधारण इंचभर जाडीचा, २०० बाय ८५ फुटांचा बर्फ सीझनभर तसाच राहतो. सामना संपला की कडेच्या काचा उतरतात, बर्फावर उष्णतारोधक फळ्या एकमेकींत अडकवून बसवतात, त्यांवर मेपल लाकडाचे तुकडे जोडून बास्केटबॉलचा कोर्ट तयार होतो. नेपथ्य बदलणारी मंडळी रात्रीत काम करतात आणि घाई असेल तर काही तासांत उरकतात. बिघडतं ते दमट हवेने. बाहेर ऊब असताना दारं उघडी राहिली की खालच्या गारव्यामुळे कोर्टवर दव धरतं, फरशी निसरडी होते. उलट बाजूने, गर्दीच्या कार्यक्रमानंतर उघडलेला बर्फ मऊ असतो, पक उड्या मारतो, पास तुटतात. म्हणून कॅलेंडर बघताना आदल्या रात्री त्या जागी काय होतं तेही बघा. खेळ अडखळत का चाललाय ते कळतं.

काही ‘घरचे’ सामने घरी नसतात, आणि कॅलेंडर ते धड सांगत नाही. फ्लोरिडा पँथर्सचा २ जानेवारीचा सामना बेसबॉलच्या मैदानात, मायामीला. टँपाचा १ फेब्रुवारीचा फुटबॉलच्या स्टेडियमवर. दोन्ही उघड्यावर, दोन्ही ४१ मध्ये मोजलेले. नोव्हेंबरात नॅशव्हिल आणि पिट्सबर्ग स्टॉकहोमला खेळले. अशा नोंदीत पत्त्याची ओळ उघडून बघा, नुसत्या मथळ्यावर जाऊ नका. मायामीत पाहुणे होते न्यूयॉर्क रेंजर्स. उघड्यावरच्या सामन्यांत ते नेहमी पाहुणेच असतात, अगदी न्यूयॉर्कमध्येसुद्धा. रेंजर्सचं घर असलेल्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनला मिळालेली मालमत्ता करातली सूट ‘घरचे सामने इथेच’ या अटीला बांधलेली आहे. २०१८ साली न्यूयॉर्कच्याच सिटी फील्डवर खेळताना कागदोपत्री यजमान बफेलो होते! करासाठी माणूस स्वतःच्या गावात पाहुणा होतो.

मोठी मोकळीक दोनदा. २४ ते २६ डिसेंबर लीगला सुट्टी. २०२५-२६ मध्ये त्याखेरीज ६ ते २४ फेब्रुवारी ऑलिंपिकसाठी बंद. त्याची किंमत बाकीच्या महिन्यांनी मोजली: १९२ दिवसांतून हे २२ वजा केले की ८२ सामन्यांना १७० दिवस उरतात. मग लागोपाठ दोन रात्री सामने येणारच, आणि दुसऱ्या रात्री बहुधा राखीव गोलकीपर दिसतो. एकच सामना बघणार असाल तर पहिल्या रात्रीचा बघा.

आता तक्रारी. संघांच्या साइटवर दोन प्रकारची सोय मिळते. एक तक्त्याची फाइल: तिच्यात तिथली स्थानिक वेळ असते, टाइमझोन नसतो. ती कॅलेंडरमध्ये ओतली की टोरंटोचा हिवाळ्यातला संध्याकाळी ७ चा सामना इथल्या संध्याकाळी ७ ला बसतो. राम मारुती रोडवर चहा हातात घेऊन सामना शोधत बसाल, आणि तो सुरू व्हायला साडेदहा तास असतील. दुसरी सबस्क्रिप्शनची लिंक, तीच घ्या. गूगल कॅलेंडरमध्ये ही लिंक फोनच्या ॲपमधून टाकता येत नाही. कॉम्प्युटरवर उघडून ‘यूआरएलवरून’ हा पर्याय निवडावा लागतो, मग फोनवर आपोआप येते. सूचना आपल्याकडून लावाव्या लागतात. शिवाय गूगल अशी लिंक ताजी करायला अर्धा दिवस, कधी त्याहून जास्त लावतं. टीव्हीसाठी वेळ तासाभराने सरकणं सीझनमध्ये घडतं, आणि जानेवारी २०२५ मधल्या लॉस एंजेलिसच्या वणव्यासारखं काही झालं तर सामनाच पुढे जातो. म्हणून झोपण्यापूर्वी एकदा लीगच्या साइटवर नजर टाका. आणखी एक: काही कॅलेंडरं सामना संपला की मथळ्यातच स्कोअर टाकतात. रेकॉर्डिंग बघणाऱ्यांनी लॉक स्क्रीनवरचं विजेट काढून टाकावं.

नुसतं होम कॅलेंडर घेण्यात खेळाच्या दृष्टीने फायदा आहे. खेळ थांबल्यावर खेळाडू बदलायची शेवटची संधी यजमानांना मिळते. प्रशिक्षक आपली कुठली ओळ (एकत्र उतरणारी तुकडी) कुणासमोर उतरवतो, ते घरच्या सामन्यांत स्वच्छ दिसतं.

प्लेऑफसाठी, म्हणजे साखळीनंतरच्या बाद फेरीसाठी, हे कॅलेंडर अर्धवट. तिथे सात सामन्यांच्या मालिकेत सामने २-२-१-१-१ अशा क्रमाने (दोन एकाच्या घरी, दोन दुसऱ्याच्या, मग एकेक आलटून-पालटून) पडतात, पाचवा ते सातवा ‘गरज पडल्यास’ म्हणून नोंदलेले असतात आणि मालिका लवकर संपली की गुपचूप गायब होतात. त्यांच्यावर गजर लावू नका. सबस्क्रिप्शन मात्र उन्हाळ्यात काढून टाकू नका: २०२६-२७ पासून ८४ सामने, घरचे ४२, आणि डिव्हिजनमधल्या सातही संघांशी चार-चार.